'कळलावीपासून केलेलं औषध' असं लिहावं का?

पत्रकवाला
यंत्रमाग कामगारांच्या कंबरदुखीवर चार पानांचं पत्रक काढायचं आहे, मराठी, तेलुगू आणि कन्नडमध्ये. सोलापूरच्या पूर्व भागात वाटायचं आहे म्हणून तेलुगू आधी हवं. त्यात थायोकोल्चिकोसाइड या औषधाची एक चौकट आहे. मसुद्यात 'स्नायू शिथिल करणारे औषध' असं होतं. तेलुगू करणाऱ्यांनी शेरा मारला की आमच्यात स्नायुवु म्हणजे हाडाशी बांधणारी दोरी, तुम्हाला कंडरम्, म्हणजे मांस, म्हणायचंय का? पुढच्या ओळीत 'हे औषध कळलावी या वनस्पतीपासून' असं होतं. त्यावर मुद्रितशोधकांनी लाल रेघ ओढून बाजूला लिहिलं, 'कळलावी म्हणजे भांडणं लावणारी बाई. बदला.'
तर दोन गोष्टी सांगा. स्नायू ठेवू का? आणि औषधाच्या नावाचा अर्थ एका ओळीत कसा सांगू?

कडकभाकरी
नावाची फोड सोपी आहे. थायो म्हणजे गंधक, मूळ ग्रीक थेइऑन. शेवटचं ओसाइड सांगतं की रेणूला साखर, इथं ग्लुकोज, जोडलेली आहे. मधलं कोल्चिक हे एका देशाचं नाव, कोल्किस. काळ्या समुद्राच्या पूर्वेचा किनारा, आजचा जॉर्जिया. ग्रीक कथांमधली विष जाणणारी मीडिया तिथली. तिथल्या विषारी फुलाला कोल्चिकम म्हणू लागले, त्यातल्या द्रव्याला कोल्चिसिन. त्याचा साखर जोडलेला भाऊबंद कोल्चिकोसाइड. त्याच्या दहाव्या कार्बनवरच्या मेथॉक्सी गटातला ऑक्सिजन काढून तिथं गंधक बसवला की थायोकोल्चिकोसाइड.
एका ओळीत: 'कोल्किसच्या फुलातल्या साखरयुक्त द्रव्यात गंधक घालून केलेलं'. कामगाराला याचा काय उपयोग, ते मला विचारू नका.

सुईदोरा
उपयोग आहे की ओ. कोल्चिसिन आणि थायोकोल्चिकोसाइड ही नावं घाईत सारखी वाचली जातात. कोल्चिसिन गाउट या सांधेदुखीवर देतात, गोळी ०.५ मि.ग्रॅ.ची. थायोकोल्चिकोसाइड आखडलेल्या कंबरेवर, कॅप्सूल ४ किंवा ८ मि.ग्रॅ.ची. ८ मि.ग्रॅ. कोल्चिसिन म्हणजे सोळा गोळ्या, तो विषप्रयोगच. चौकटीत 'गाउटचं औषध वेगळं' एवढे तीन शब्द टाका, बाकी ग्रीक सोडून द्या.

लांगली
मुद्रितशोधकांचं अर्धंच बरोबर. कळ दोन अर्थांची: भांडणाची आणि पोटातली. झाडाच्या नावातली कळ दुसरी. कंद उगाळून बेंबीवर किंवा तळपायाला लेप दिला की बाळंतपणाच्या कळा लागतात अशी जुनी समजूत, म्हणून कळलावी. संस्कृत नावंही तेच सांगतात: गर्भपातिनी, गर्भनुत्. कंद नांगराच्या आकाराचा म्हणून लांगली, फूल पिवळं-लाल ज्वाळेसारखं म्हणून अग्निशिखा. पानाचं टोक कुरळं होऊन शेजारच्या काटकीला धरतं, त्यावरून पावसाळ्यात झुडपात लगेच ओळखू येते.

कडकभाकरी
संस्कृतातच तिला कलिहारी म्हणतात आणि कलि म्हणजे कलह. त्यामुळे भांडणाची कळ नंतर चिकटली असं ठाम म्हणता येणार नाही.

लांगली
कलिहारीवरून कळलावी आलं असेल तर 'लावी' कुठून आलं? कळ लावणे हा धडधडीत मराठी प्रयोग आहे.

सुईदोरा
कळ कुठलीही असो, 'कळलावीपासून' ही ओळच नको. हे वाचून कोणी कंद उकरला तर? औषधासाठी द्रव्य काढतात ते बियांतून, कारखान्यात, आणि नंतर त्यात फेरफार होतो. कंदात कोल्चिसिन असतं. कंद रताळ्यासारखा दिसतो, घोटाळा तिथंच होतो. खाल्ल्यावर काही तासांत उलट्या, जुलाब. मग थोडं बरं वाटल्यासारखं होतं, आणि एक-दोन दिवसांनी मूत्रपिंड, यकृत, रक्त सगळं बिघडतं. जगला तर आठवड्या-दोन आठवड्यांनी केस गळतात. सहज मिळेल असा उतारा नाही. शिवाय काही भागांत कळलावीलाच बचनाग म्हणतात आणि बाजारात बचनाग मागितला तर तिसरंच विष हातात येतं.

पत्रकवाला
मान्य, ओळ काढली. पण लोक विचारतात हो, 'हे आयुर्वेदिक का?' म्हणून ती टाकली होती.

पेठेतला
युनानीवाल्यांना विचारा. सुरंजान म्हणतात ते कोल्चिकमच, सांधेदुखीवर फार जुनं. पण कॅप्सूल युनानी नव्हे आणि आयुर्वेदिकही नव्हे. 'वनस्पतीतल्या द्रव्यावर प्रक्रिया करून तयार केलेलं आधुनिक औषध' एवढं बास.

शुद्धलेखक
पहिला प्रश्न सगळ्यांनी वाऱ्यावर सोडला. स्नायू हा शब्द मराठीने चुकीचा घेतला आहे. सुश्रुताने शरीरात ९०० स्नायू, ५०० पेशी आणि १६ कंडरा (जाड दोऱ्या) मोजल्या आहेत. तिन्ही वेगळ्या. मांसाची ती पेशी, बांधून ठेवणारा तो स्नायू. फळ्या दोरांनी घट्ट बांधलेली नाव जसा भार पेलते तसं शरीर स्नायूंनी बांधलेलं, असा त्याचा दृष्टान्त आहे. तेलुगू भाषांतरकार बरोबर आहेत, आपण चूक. मांसपेशी लिहा.

कडकभाकरी
मराठीत पेशी म्हटलं की रक्तपेशी. विदर्भात पेशी म्हणजे कोर्टाची तारीख. 'पेशी शिथिल करणारं औषध' वाचून सोलापूरचा माणूस काय समजेल?

सुईदोरा
गंमत अशी की या औषधाचा धोका त्या दुसऱ्या पेशींनाच आहे. शरीरात त्याचं रूपांतर होऊन एक घटक तयार होतो, तो विभागणाऱ्या पेशींत गुणसूत्रांची वाटणी बिघडवतो. म्हणून युरोपच्या औषध यंत्रणेने २०१३ साली मर्यादा घातल्या: तोंडाने घ्यायचं तर दर बारा तासांनी जास्तीत जास्त ८ मि.ग्रॅ., तेही ७ दिवस. इंजेक्शन दर बारा तासांनी ४ मि.ग्रॅ., ५ दिवस. सोळा वर्षांखाली नाही. गरोदरपणी नाही, अंगावर पाजत असताना नाही, मूल होण्याची शक्यता असून गर्भनिरोधक वापरत नसेल तर नाही. जुन्या दुखण्यावर महिनोन् महिने घ्यायचं हे औषध नव्हे. फिट येत असेल तर डॉक्टरांना आधी सांगायचं, कारण याने फिट येऊ शकते.
आणखी एक. आपल्याकडे हे बहुतेकदा १०० मि.ग्रॅ. ॲसिक्लोफेनॅकबरोबर एकाच गोळीत येतं. त्यावर घरातली दुखण्याची दुसरी गोळी घेतली की वेदनाशामक दुप्पट, आणि पोट बिघडतं. चौकटीत जागा असेल तर हे टाका, व्युत्पत्ती नंतर.

लांगली
म्हणजे कळलावीच्या नावात गर्भाचा इशारा होता आणि कॅप्सूलच्या माहितीपत्रकातही तोच निघाला. कारणं वेगळी असतील, पण नोंदवण्यासारखं आहे.

धोटा
स्नायूवरून एक. संस्कृतात स्नावन् असाही शब्द आहे. तो आणि ग्रीक न्यूरॉन, लॅटिन नर्व्हस हे एका घरातले, आणि बहुतेक अभ्यासक मूळ धातूचा अर्थ सूत कातणे, शिवणे असा देतात. ग्रीकांचं न्यूरॉनही आधी धनुष्याची दोरी, कंडरा होतं, मज्जातंतू नंतर झालं. बंगालीत स्नायु म्हणजे आजही मज्जातंतू, जुन्या हिंदीत स्नायु-तंत्र म्हणजे मज्जासंस्था. गुजरातीत मात्र आपल्यासारखंच मांस. दोरी एक, ज्याने त्याने आपल्या मागावर चढवली. मराठीने चूक केली असेल तर ग्रीकांनीही केली.

शुद्धलेखक
ग्रीकांनी केली म्हणून आपण करावी?

मळ्ळप्पा
कन्नडमध्ये स्नायु म्हणजे मांसच, आणि हाडाशी जोडणारी ती स्नायुरज्जु. कन्नड पानावर बदलू नका. तेलुगूत कंडरम् बरोबर. शुद्धलेखकांच्या १६ कंडरा तेलुगूत जाऊन मांस झाल्या, तेव्हा तेलुगूवाले पण चूक का?

पेठेतला
मुळात मागावरचा माणूस स्नायू म्हणतो का? बीम उचलताना पाठीत धरलं की 'उसण भरली'. पोटरीत 'गोळा आला' नाहीतर 'पेटका'. मान 'अवघडली'. आणि काही कळलं नाही की 'नस दबली'. चौकटीचं शीर्षक 'उसण भरल्यावर देतात ती कॅप्सूल' करा की. सगळ्यांना कळेल.

शुद्धलेखक
उद्या पाठ्यपुस्तकातही उसण लिहाल.

सुईदोरा
उसणीला हरकत नाही, 'शिथिल'ला आहे. भूल देताना वापरतात तीही स्नायू शिथिल करणारी औषधं, पण ती श्वासाचे स्नायूही बंद पाडतात, कृत्रिम श्वास चालू नसेल तर माणूस मिनिटांत जातो. दोन्हींना एकच शब्द आहे. पत्रकात 'ऑपरेशनच्या वेळच्या औषधापेक्षा वेगळं' असं लिहायची वेळ येऊ नये.

धोटा
त्यातलं पहिलं ट्यूबोक्युरारीन. दक्षिण अमेरिकेत बाणांना लावायचं क्युरारे विष कशात भरून यायचं त्यावरून त्याच्या जाती: मडक्यातलं, भोपळ्यातलं, बांबूच्या नळीतलं. नळीतलं ते ट्यूबो. हॅरॉल्ड किंग यांनी १९३५ साली लंडनमध्ये संग्रहातल्या जुन्या नमुन्यातून ते वेगळं केलं. शस्त्रक्रियेत क्युरारे पहिल्यांदा भूलतज्ज्ञांच्या हाती यशस्वी ठरलं ते माँट्रियलला, १९४२ मध्ये. म्हणजे इकडच्या औषधाच्या नावात देश, तिकडच्या नावात डबा.

लांगली
स्नायूवरून आठवलं, नारू. स्नायू, पाली न्हारु, मराठी नारू. पायातून निघणारी ती दोऱ्यासारखी जंत.

धोटा
आणि काढायचीही काडीवर गुंडाळत, रोज थोडी थोडी, कांडी भरतात तशी. ओढली की तुटते आणि आत सूज. भारतात शेवटचा रुग्ण १९९६ चा, २००० साली देश नारूमुक्त जाहीर झाला. रोग गेला, शब्द राहिला.

शुद्धलेखक
बघा. नारूमध्येसुद्धा स्नायू म्हणजे दोरीच. मांस नव्हे.

पत्रकवाला
नारूवर वेगळं पत्रक काढू. आज छापायला द्यायचंय. 'आखडलेलं अंग मोकळं करणारं औषध' केलं तर? स्नायू नको, शिथिल नको, पेशी नको. मागावर उभं राहण्याआधी गुंगी वाटते का ते बघा, हेही खाली टाकलंय.

पेठेतला
चांगलंय.

लांगली
थांबा. बाई 'मोकळी झाली' म्हणजे बाळंत झाली. गरोदर बाईने घ्यायचंच नाही त्या औषधाला 'मोकळं करणारं' म्हणताय. कळलावी काढली आणि मागच्या दाराने परत घेतली.

पत्रकवाला
मग 'सैल'?

मळ्ळप्पा
कन्नड पान तरी जाऊ द्या आज. त्यात स्नायुच आहे.