जहाजाला 'अटक' की 'जप्ती'?

मुग्धा_अनुवाद: खलाशांच्या थकलेल्या पगाराच्या दाव्याचे कागद मराठीत करतेय. मी सगळीकडे 'जहाजाला अटक' लिहिलं, तपासणाऱ्यांनी 'जप्ती' करून परत पाठवलं. अटक म्हणे माणसाला होते. तुम्ही काय वापरता?

कोर्टकचेरी: अटकच. जप्तीत दावा मालकावर, टाच त्याच्या मालमत्तेवर. इथे दावा खुद्द जहाजावर. 'एम. व्ही. एलिझाबेथ' मुरगावहून माल घेऊन निघालं, गोव्याच्या कंपनीनं दावा ठोकला, आणि ते विशाखापट्टणमला लागल्यावर आंध्र उच्च न्यायालयाच्या हुकमानं धरलं गेलं. मालक परदेशी, इथे त्याचं दुसरं काही नाही. १९९२ साली सर्वोच्च न्यायालयानं हा अधिकार मान्य केला.

दर्यावर्दी: अटकेत थाट काही नसतो हो. वॉरंट व्हीलहाउसच्या, म्हणजे सुकाणूच्या खोलीच्या, काचेवर डकवतात, बंदराला आणि कस्टमला कळवतात. मग ना जहाज बंदराबाहेर काढणारा पायलट, ना पोर्ट क्लिअरन्स, म्हणजे निघायची परवानगी. मालकानं बँक गॅरंटी भरली की सुटका. आम्ही 'जहाज अरेस्ट झालं' एवढंच म्हणायचो.

शुद्धमती: मराठी मेली का? 'नौकारोध' म्हणा. हिंदीत अ‍ॅडमिरल्टीला, म्हणजे जहाजांच्या दाव्यांवरच्या न्यायाधिकाराला, 'नावधिकरण' आहेच की.

दर्यावर्दी: नौकारोध ऐकून खलाशी वैद्याकडे जाईल.

कुलाबकर: जुना शब्द 'पाडाव'. आंगऱ्यांचं दस्तक, म्हणजे परवाना, नसलेलं गलबत पाडाव व्हायचं. आणि शुद्धमती, 'आरमार'सुद्धा पोर्तुगीज 'आर्मादा'वरून, 'अ‍ॅडमिरल' अरबी 'अमीर'वरून.

कोर्टकचेरी: पाडाव लढाईत होतो, पगाराच्या दाव्यात नाही! बाकी २०१७च्या अ‍ॅडमिरल्टी कायद्यातल्या 'अरेस्ट'च्या व्याख्येत दोन्ही बसतं: दाव्याच्या हमीसाठी जहाज अडकवून ठेवणं, आणि निकालाच्या वसुलीसाठी ताब्यात घेणंही. तोवर आपण इंग्रजांच्या १८४० आणि १८६१च्या कायद्यांवर भागवत होतो.

शुद्धमती: संसदेला एवढी वर्षं लागली, म्हणून भाषेनंही ताटकळायचं?

दर्यावर्दी: मुग्धाताई, शब्द कुठलाही घाला, त्या २०१७च्या कायद्याचं कलम ९ नीट उतरवा. जहाजावरच्या हक्कांत खलाशांचा पगार पहिला. मुदत दोन वर्षं, इतरांना एकच. त्यात जहाज धरलं नाही तर तो अग्रहक्क गेला. मालक वर्षभर 'पुढच्या बंदरात देतो' म्हणत राहतात.

मुग्धा_अनुवाद: ते घेतलंय. पण अटक की जप्ती?

कुलाबकर: पैसे नाहीच भरले तर शेवटी लिलाव. तोही पोर्तुगीज, बरं का.

शुद्धमती: 'घोषविक्रय' आहे.

कोर्टकचेरी: आमच्या बेलिफासमोर म्हणून दाखवा.