मदत हवी आहे : बंगाली मंत्रांतली ‘हाडीची लेक’ कोण?

मंडळी, सासरे कोलकात्यात नोकरीला होते. त्यांच्या ट्रंकेत एक चोपडं सापडलंय. मुखपृष्ठ गायब, कडा वाळवीने खाल्लेल्या. चितपूरच्या बटतल्याला स्वस्त पुस्तकं छापायचे, त्यातलंच असावं. सापाचं विष उतरवणं, दृष्ट काढणं, ‘जलपडा’ म्हणजे मंत्रून दिलेलं पाणी, असलं सगळं. (साप चावला तर थेट दवाखाना, हे सांगायला नकोच. मला रस भाषेत आहे.)

मी बंगाली अक्षर लावून लावून वाचते. बरेच मंत्र एकाच ठेक्यावर संपतात : कोणाची आज्ञा? कामरूप कामाख्येची आज्ञा, ‘हाडिर झि चंडी’ची आज्ञा. झि म्हणजे लेक. हाडी ही तिकडे झाडलोटीची कामं माथी मारलेली जात. मग चंडी त्यांची लेक कशी? गोपीचंदाच्या गोष्टीतला आपला जालिंदरनाथ बंगालीत हाडिपा होतो, तोही हाडीच. याचा त्याच्याशी संबंध आहे, की मी उगाच धागे जुळवतेय?

बंगाली नीट जाणणारं कोणी आहे का इथे? आणि आपल्याकडच्या शाबरी मंत्रांत असा शेवट कोणी ऐकलाय? हवे तर पानांचे फोटो टाकते.