राऊंडवरच्या बोलण्याचं काय?
"नातेवाईक टेन्शनमध्ये असतात, सिस्टरनं मनाला लावून घेऊ नये," असं नातेवाइकांच्या ओरडण्याबद्दल आम्हा नर्सना सांगितलं जातं. बीड जिल्ह्यात नर्स म्हणून १६ वर्षं वॉर्डात काढली. रात्री दोनला फणफणलेलं लेकरू घेऊन आलेल्या बापाचा आवाज चढला, तर मी कधी धरून बसले नाही. जिव्हारी लागतं ते राऊंडला, म्हणजे डॉक्टर वॉर्डात पेशंट तपासत फिरतात तेव्हा, पेशंटसमोर त्यांनी "अक्कल गहाण ठेवलीय का?" म्हटलेलं. मग तोच पेशंट माझ्या हातून इंजेक्शन घ्यायला बिचकतो. पुढे डोसबद्दल शंका आली तरी विचारायला जीभ रेटत नाही, आणि हे फार घातक आहे. नातेवाइकांनी धमकावलं तर राज्याचा २०१० चा कायदा आहे, त्यात नर्सही येतात. ३ वर्षांपर्यंत कैद. डॉक्टर बोलले तरी रिपोर्ट बुकात (वॉर्डाच्या नोंदवहीत) तारीख-वेळेसकट लिहा, बायांनो.