ई-टाइपची ‘दीड’ पिढी मानावी का?

म्हापशाहून : इंग्लंडमधल्या स्विंडनला स्थायिक झालेले माझे मामेभाऊ १९६८ ची जॅग्वार ई-टाइप ही जुनी ब्रिटिश स्पोर्ट्स कार घेण्याच्या विचारात आहेत. विकणारा तिला ‘सिरीज १’, म्हणजे पहिल्या पिढीची, म्हणतो. फोटोंत पुढच्या दिव्यांवर काच नाही. तोंड (पुढची हवा घेणारी फट) मात्र जुन्यासारखे अरुंद आहे आणि मागचे दिवे बंपरच्या वर आहेत. माझ्या मते हिला ‘सिरीज १½’ म्हणणेच योग्य. १९६१ साली जिनिव्हाला प्रथम दिसलेल्या गाडीच्या दिव्यांवर काचेचे आवरण होते आणि डॅशबोर्डवर टॉगल खटक्यांची रांग होती. अमेरिकेच्या नव्या नियमांपायी १९६७-६८ मध्ये काच गेली आणि खटक्यांच्या जागी सपाट रॉकर बटणे आली. एवढा फरक एका ‘१’ खाली झाकणे ग्राहकावर अन्याय करणारे आहे.

फोंड्याहून : मी असहमत आहे. ‘दीड’ हे नाव कारखान्याने कधीच दिले नाही, ते शौकिनांनी पाडले. ४.२ लिटरच्या सिरीज १ चा चासी नंबर ‘१ई’ने सुरू होतो, सिरीज २ चा ‘१आर’ने आणि व्ही-१२ इंजिनाच्या सिरीज ३ चा ‘१एस’ने, तुमची तथाकथित दीड ‘१ई’मध्येच मोडते. दिवे, बॉनेट, बटणे बदलता येतात. इथे फोंड्यात एका जुन्या फियाट अकराशेला पद्मिनीची जाळी बसवलेली मी हात लावून पाहिली आहे; पावसाळ्यात पत्रा गंजला की मिस्त्री मिळेल ते बसवतो. चेहऱ्यावरून पिढी ठरवू नये.

मडगावहून : सिरीज २ ओळखणे सोपे आहे : तोंड मोठे, मागचे दिवे बंपरच्या खाली. सिरीज ३ ला तर तोंडात जाळीच असते. खरी फसगत १९६६ पासूनच्या टू-प्लस-टू मध्ये (मागे दोन छोट्या जागा असलेल्या गाडीत) होते, कारण तिचा व्हीलबेस (पुढच्या-मागच्या चाकांमधले अंतर) नऊ इंचांनी लांब आणि पुढची काच अधिक उभी असते, तरीही विकताना तिला नुसते ‘कूपे’ (बंद छताची दोन दारांची गाडी) म्हटले जाते. अमेरिकेहून परत आलेली गाडी असेल तर बॉनेट उघडायला लावा. एसयू बनावटीच्या तीन कार्बोरेटरांऐवजी (इंजिनासाठी हवा-पेट्रोल मिसळणारे भाग) स्ट्रॉमबर्ग बनावटीचे दोन दिसले, तर किंमत त्याप्रमाणे कमी बोलावी.

म्हापशाहून : कार्बोरेटरांचा आणि चासी नंबराच्या पट्टीचा फोटो आजच मागवतो. पण फोंडेकर, पट्टीवर ‘१ई’ निघाले तरी १९६५ ची काचेच्या दिव्यांची गाडी आणि ही, दोन्ही तुमच्या हिशेबाने एकच ठरतात. त्यांतला फरक सांगणारा दुसरा शब्द तुमच्याकडे असेल तर सांगा. तोवर मी ‘दीड’च लिहिणार.