एफआयआर झाला म्हणजे क्लेम झाला?

चिरेखाण:
आमच्या तालुक्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर काल एकाने टाकलं, "अपघाताचा एफआयआर झाला की भरपाई पक्की. निष्काळजीपणा सिद्ध करा वगैरे वकिलांचे धंदे." खाली अंगठ्यांची रांग.

माझ्या मेव्हण्याची केस ऐका. चिऱ्यांनी भरलेला ट्रक वळणावर अंगावर आला. धो धो पाऊस. रस्ता तुंबला म्हणून लोकांनीच बाइक उचलून पलीकडच्या कडेला लावली. हवालदार येईपर्यंत ब्रेकच्या खुणा वाहून गेल्या. पंचनाम्याच्या नकाशात बाइक दिसली तिथेच काढली, म्हणजे राँग साइडला! एफआयआर ट्रकवाल्यावरच होता, 'भरधाव वेगाने, हयगयीने व निष्काळजीपणे' असा छापील. तरी विमा कंपनीच्या वकिलाने तो नकाशा पुढे केला आणि निम्मा दोष मेव्हण्याच्या माथी. निम्मे पैसे गेले. आता दाखवा अंगठा.

ओरोसकर:
भावनेवर कोर्ट चालत नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खाली भरपाई मागताना निष्काळजीपणा दाखवावा लागतो हे खरं, पण फौजदारी खटल्यासारखा निःसंशय नाही. शक्यतेचं पारडं झुकलं की पुरे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये बिमलादेवी प्रकरणात सांगितलंय आणि 2018 मध्ये मंगलाराममध्ये पुन्हा. ट्रक ड्रायव्हर पिंजऱ्यात आला का? प्रत्यक्षदर्शी तपासला का?

चिरेखाण:
प्रत्यक्षदर्शी म्हणजे वळणावरचा टपरीवाला. "कोर्टाच्या फेऱ्या नको रे बाबा" म्हणाला. ट्रकमालक त्याचं रोजचं गिऱ्हाईक. तुमच्या निवाड्यांत टपरीवाले येतात का?

तळकोकणी:
ह्या सगळ्याचा मूळ तो मुंबई-गोवा हायवे. 2011 पासून रुंदीकरण चालू आसा, आमची पोरा कॉलेजात गेली. खड्ड्याक आरोपी कोण करतलो? 2019 च्या कायदेदुरुस्तीत कलम 198अ घातल्यानी, रस्तो नीट नाय केलो तर ठेकेदाराक एक लाखापर्यंत दंड. एक लाख! तेच्या जेवणावळीचो खर्च तो. त्यात चाकरमानी रात्रभर गाडी हाकतत, पहाटे घाटात डोळो लागता.

बोरिवलीची सून:
आलं चाकरमान्यांवर! याच चाकरमान्यांच्या मनीऑर्डरींवर तुमची कौलं चढली. गेल्या गणपतीत परशुराम घाटाच्या अलीकडे आमच्यासमोर राँग साइडने आलेला डंपर लोकलच होता. आणि रात्री निघू नको तर काय, दिवसा माणगावात चार तास उभी राहू?

तळकोकणी:
कौलांचा काढू नको. माझी कौला माझ्या आंब्यांवर चढली.

ओरोसकर:
खड्ड्याचं इथे काही होणार नाही. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा चालतो ड्रायव्हर, मालक आणि विमा कंपनीवर. खड्ड्यात एकटाच पडलास तर समोर गाडीच नाही. पॉलिसीत 15 लाखांचं पीए कव्हर, म्हणजे गाडी चालवणाऱ्या मालकाचा स्वतःचा अपघात विमा, असेल तर मृत्यू किंवा कायमच्या अपंगत्वाला तेवढाच आधार.

खेडची मास्तरीण:
पण दोष सिद्ध करायचाच कशाला? 1 एप्रिल 2022 पासून कलम 164 आहे की. मृत्यूला 5 लाख, गंभीर दुखापतीला अडीच लाख, कोणाची चूक हे विचारायचंच नाही.

चिरेखाण:
बाई, मांडीत रॉड, दोनदा कोल्हापूर. अडीच लाख कुठे गेले कळलंही नसतं. आणि ते एकदा स्वीकारले की 166 चा अर्ज गळतो. शिवाय त्याच तारखेपासून 166 ला सहा महिन्यांची मुदत आली. पाय प्लास्टरमध्ये असताना माणूस वकील शोधणार?

खेडची मास्तरीण:
मुदतीचं मान्य. पण सहा वर्षं खेटे घालून निम्मे मिळण्यापेक्षा अडीच लाख लगेच मिळालेले वाईट नाहीत. माझ्या दिराला तेवढेही मिळाले नाहीत.

ओरोसकर:
चिरेखाण, मेव्हणा एकटा होता का बाइकवर?

चिरेखाण:
मागे माझी बहीण होती. मनगट मोडलं. तिच्या दाव्यातही निम्मे कापले. नवराच चालवत होता ना!

ओरोसकर:
हे आधी सांगायचं! मागे बसलेलीचा काय दोष? दोन गाड्यांची चूक असली तरी ती पूर्ण रक्कम कोणाही एकाकडून मागू शकते. 2015 चा खेन्येई निवाडा तुमच्या वकिलाने दाखवला नाही? कलम 173 खाली हायकोर्टात अपील, निकालापासून 90 दिवस. निकाल कधीचा?

चिरेखाण:
गेल्या महिन्यातला. नक्कल अजून हातात नाही, उद्याच अर्ज टाकायला लावतो. बाकी ते 'भावनेवर कोर्ट चालत नाही' तेवढं मागे घ्या.