सेमी-प्रो म्हणजे 'जमलं नाही म्हणून खाली राहिलेला' हे डोक्यातनं काढा

गोलपोस्टमागे
इंग्लिश फुटबॉलच्या खालच्या लीगांचा विषय निघाला की आपल्याकडे गाडी फिरून फिरून जेमी व्हार्डीवरच येते. स्टॉक्सब्रिज या छोट्या क्लबला आठवड्याचे ३० पौंड, दिवसभर मेडिकल स्प्लिंट बनवणाऱ्या कारखान्यात काम, मग हॅलिफॅक्स, फ्लीटवूड, २०१२ मध्ये १० लाख पौंडांना लेस्टर आणि २०१६ ला थेट प्रीमियर लीग जिंकला. भारी आहेच, वाद नाही. पण ही एकच गोष्ट इतक्यांदा सांगून आपण असं ठरवून टाकलंय की खाली खेळणारा प्रत्येक जण वेटिंग लिस्टवर बसलाय आणि तिकीट कन्फर्म झालं नाही तर त्याची सगळी वर्षं फुकट गेली.

मला हे पटत नाही. माझ्यासाठी खरा सेमी-प्रो, नोकरी सांभाळून पैसे घेऊन खेळणारा, म्हणजे जस सिंग. टॅमवर्थचा गोली, भारतीय वंशाचा, पोटापाण्याचा व्यवसाय बिल्डिंग सर्व्हेयर. टॅमवर्थ म्हणजे तेव्हा पाचव्या लेव्हलचा पार्ट टाइम क्लब, २०२३ आणि २०२४ अशी लागोपाठ दोन प्रमोशनं घेऊन तिथं पोचलेला. एफए कपात (लहानमोठ्या सगळ्या क्लबांची नॉकआउट स्पर्धा) आधी हडर्सफिल्डला हरवलं, मग बर्टनला पेनल्टी शूटआउटमध्ये, आणि १२ जानेवारी २०२५ ला घरच्या मैदानावर प्रीमियर लीगमधल्या टॉटनमला ९० मिनिटं एकही गोल करू दिला नाही. एक्स्ट्रा टाइममध्ये ०-३ हरले तो भाग वेगळा. चौतिशीतल्या या माणसाला कोणी वर बोलवायची वाट बघायची नव्हती. त्याचं करिअर हेच आहे, आणि ते पूर्ण आहे. दिवसा काम, आठवड्यातनं दोन संध्याकाळी प्रॅक्टिस, शनिवारी मॅच, असं वर्षानुवर्षं टिकवून धरणं सोपं वाटतं का कोणाला?

मिडलँड्सकर
मी इकडे इंग्लंडातच राहतो, नॉन-लीगच्या, म्हणजे वरच्या चार डिव्हिजनखालच्या, मॅचेस नेहमी बघतो, आणि तुमचं चित्र फार गोड आहे हो. टॉटनमची मॅच टीव्हीवर दिसते. नोव्हेंबरातल्या मंगळवारी रात्री चिखलात, तीनेकशे माणसांसमोर खेळलेली मॅच दिसत नाही.

अहो 'करिअर' कशाला म्हणायचं? खालच्या लेव्हलला कित्येक जण कॉन्ट्रॅक्टशिवाय खेळतात. दुसऱ्या क्लबनं सात दिवसांची नोटीस दिली की खेळाडूशी बोलणी सुरू करता येतात, आणि क्लबला नको झालात तर तुम्हाला तेवढीही नोटीस नाही. गुडघ्याचं लिगामेंट गेलं तर एनएचएस (सरकारी आरोग्यसेवा) फुकट ऑपरेशन करतं हे खरंय, पण रांग लांब असते, आणि तोवर दिवसाच्या कामाचं काय? स्वतःच्या हिशोबावर काम करणारा गवंडी किंवा प्लंबर असेल तर त्याला नोकरदारांना मालकाकडून मिळतो तो आजारपणाचा भत्ताही लागू नाही, म्हणजे दोन्हीकडचे पैसे एकदम बंद. मग क्लबचे चाहते वर्गणी काढतात.

आणि मैदानं! बाथ सिटीचा अ‍ॅलेक्स फ्लेचर नोव्हेंबर २०२२ मध्ये बाजूच्या भिंतीवर आदळला, कवटी फुटली, तातडीनं मेंदूचं ऑपरेशन करावं लागलं. वाचला, पुन्हा खेळलाही. सप्टेंबर २०२५ मध्ये चिचेस्टर सिटीचा बिली विगार तसाच काँक्रीटच्या भिंतीवर आदळला आणि गेला. २१ वर्षांचा पोरगा, आर्सेनलच्या अ‍ॅकॅडमीत घडलेला. टचलाइनला खेटून भिंत असलेली मैदानं वर्षानुवर्षं तशीच चालवली, कारण खालच्या लीगकडे बघतं कोण. याला पूर्ण करिअर म्हणणं मला तरी जमणार नाही.

पेठकर_कोल्हापूर
विगारचं वाचलं तेव्हा लई वाईट वाटलेलं. पण मिडलँड्सकर, तुमचा राग मैदानावर आणि क्लबवर आहे, खेळणाऱ्या माणसावर तो का काढताय?

आमच्यात शाहू स्टेडियमला पाटाकडील विरुद्ध दिलबहार अशी तालमींची मॅच असली की पाय ठेवायला जागा नसते. आत खेळणाऱ्या बऱ्याच पोरांची सकाळ दुकानात नाहीतर नोकरीत जाते, त्याला आमची पेठ अपयश म्हणत नाही, उलट मान देते. आणि नोकरीचा दुसरा फायदा बघा. मुंबईत रेल्वे, आरबीआय, एअर इंडिया यांच्या टीममध्ये खेळणाऱ्यांना पोटाची काळजी नव्हती. महिंद्रा युनायटेड २०१० ला बंद पडली, गोव्यातनं साळगावकर आणि स्पोर्टिंगनं २०१६ मध्ये आय-लीग ही देशपातळीची लीग सोडली. निव्वळ फुटबॉलवर घर चालवणाऱ्याला अशा वेळी दुसरी टीम शोधत फिरावं लागतं, हाताला नोकरी असलेला संध्याकाळी परत बूट घालतो. इंग्लंडातला सर्व्हेयर गोली काय आणि आमचा रेल्वेतला स्टॉपर काय, दोघांनीही डोकं वापरलंय.

उजवा_विंग
सगळेच एवढे समंजस झालात तर फुटबॉल खेळणार कोण? व्हार्डी एकटा आहे हे धाग्याचं गृहीतकच मला मान्य नाही, खालून पार प्रीमियर लीगपर्यंत पोचलेले आणखी आहेत. इयन राइट २१ व्या वर्षापर्यंत नॉन-लीगमध्येच होता. स्टुअर्ट पिअर्स वील्डस्टोनला खेळायचा आणि इलेक्ट्रिशियन होता. चार्ली ऑस्टिन पूल टाउनला खेळत खेळत विटा रचायचा. मिखाइल अँटोनियो टूटिंग अँड मिचममधनं आला. डॅन बर्नला न्यूकॅसलनं लहानपणी सोडून दिलं, सुपरमार्केटात ट्रॉल्या ढकलल्या, ब्लाइथ, डार्लिंग्टन असं करत वर गेला आणि मार्च २०२५ मध्ये त्याच न्यूकॅसलसाठी लीग कपच्या फायनलला हेडर मारला. ही शिडी खरी आहे. अ‍ॅकॅडमीनं अठराव्या वर्षी सोडलेल्या पोराला तुम्ही सांगणार की बाबा रे शांतपणे सर्व्हेयर हो? त्याच्या जागी मी असतो तर मला ते जिवंतपणी पुरल्यासारखं वाटलं असतं. स्वप्न आहे म्हणून तर थंडीत प्रॅक्टिसला जायची ताकद येते.

गोलपोस्टमागे
@उजवा_विंग ही नावं मलाही पाठ आहेत, आणि एवढ्याशा यादीत चाळीस वर्षं मावतात हे तुमच्या लक्षात येतंय का? वरच्या चार डिव्हिजन मिळून ९२ क्लब. त्यांच्याखाली पाचव्या लेव्हलच्या नॅशनल लीगचे २४, मग नॉर्थ आणि साउथ मिळून ४८, आणि त्याच्याखाली शेकडो. त्या हजारो खेळाडूंबद्दल बोलतोय मी. त्यांना स्वप्न बघू नका असं मी कुठंच म्हटलं नाही, स्वप्न पूर्ण झालं नाही म्हणून त्यांचा खेळ कमी दर्जाचा ठरवू नका एवढंच म्हणतोय.

शिडी पूर्वीसारखी राहिलीय का हेही बघा. रेक्सहॅमसारखे पैसेवाले फुल टाइम क्लब नॅशनल लीगमधनं वर गेले, तिथून लीग टूमध्ये (चौथी लेव्हल) वर्षाला दोनच क्लब जात आलेत, तीन करा म्हणून मागणी चाललीय. लीग देशभर पसरलेली. २०२५ मध्ये ट्रूरो पाचव्या लेव्हलला आलं, म्हणजे गेट्सहेडहून तिथं जायचं तर एका बाजूनं ७०० किलोमीटरच्या वर. अशा अवे मॅचेससाठी दरवेळी कामावरनं सुट्टी कोण देणार? म्हणून पगार जास्त मिळत असूनही चांगले खेळाडू फुल टाइम क्लबला नाही म्हणतात, एक लेव्हल खाली उतरतात. नोकरीचा पगार आणि फुटबॉलचे पैसे मिळून बरं चालतं, घरी पोरांना बघता येतं. हा त्यांनी विचार करून घेतलेला निर्णय आहे, माघार नाही.

मिडलँड्सकर
विचार करून घेतलेला निर्णय मान्य, पण त्या निर्णयाची किंमत क्लब आणि एफए (इंग्लिश फुटबॉल संघटना) भरत नाहीत, खेळाडू भरतो. तुमच्याच मॅचचं उदाहरण घ्या. जुन्या नियमात ०-० झाल्यावर टॅमवर्थला टॉटनमच्या स्टेडियमवर रिप्ले (तीच मॅच पुन्हा) मिळाला असता आणि गेटच्या पैशात मोठा वाटा. २०२४-२५ पासून पहिल्या राऊंडपासून पुढचे रिप्लेच बंद केले, कारण मोठ्या क्लबांचं वेळापत्रक. २००५ ला एक्झेटर नॉन-लीगमध्ये कर्जात बुडालेला होता, मँचेस्टर युनायटेडच्या ओल्ड ट्रॅफर्डवर ०-० केली, रिप्ले मिळाला आणि त्या दोन मॅचेसच्या पैशावर क्लब वाचला. ते दार आता बंद आहे. ज्याला तुम्ही पूर्ण करिअर म्हणता त्याचा पाया दरवर्षी थोडा थोडा काढून घेतायत.

उजवा_विंग
रिप्लेच्या मुद्द्यावर मी तुमच्या बाजूनं. पण एक्झेटरचे पैसे कर्जात गेले, खेळाडूंच्या घरी नाही, हेही खरं ना?

मिडलँड्सकर
क्लबच राहिला नाही तर मॅच फी कोण देणार? २०२० मध्ये मॅकल्सफील्ड टाउन कोर्टात गुंडाळला गेला, त्याआधी खेळाडूंचे पगार थकले होते, आणि तो तर त्याच वर्षापर्यंत वरच्या चार डिव्हिजनमधला क्लब होता.

पेठकर_कोल्हापूर
मग अठरा वर्षांच्या पोराला नेमकं सांगायचं काय?

गोलपोस्टमागे
सातव्या-आठव्या लेव्हलचा घराजवळचा क्लब धर, मोठ्या माणसांच्या धक्क्यात दर शनिवारी खेळ, सोबत हाताला काम शिक. पंचविशीपर्यंत कोणी बोलावलं तर जरूर जा.

मिडलँड्सकर
आणि सही करायच्या आधी विचारून घे, की पाय मोडला तर कामाच्या बुडालेल्या पगाराचा विमा क्लबनं उतरवलाय का. नुसतं 'आम्ही बघून घेऊ' म्हणाले तर दुसरा क्लब शोध.