मदत हवी आहे: ब्रुना मार्केझिनीचं लहानपणचं काम कुठे बघायला मिळेल?

'ब्लू बीटल' चित्रपटातली (2023) जेनी कोर्ड आवडली म्हणून ब्राझिलियन अभिनेत्री ब्रुना मार्केझिनीचं जुनं काम शोधतेय. जन्म 1995चा, रिओजवळच्या दुकी जी काशियासचा. 2003 मध्ये ब्राझीलच्या ग्लोबो वाहिनीच्या 'मुल्येरिस आपायशोनादास' मालिकेत ती 'सालेची' नावाची मुलगी झाली होती. रस्त्यावरच्या गोळीबारात आई गमावणारी चिमुरडी. त्यातला एक तुकडा पाहिला. एवढीशी पोर, पण रडणं कुठेही खोटं वाटत नाही! आपल्याकडच्या बालकलाकारांसारखं पाठ केलेलं तर मुळीच नाही.

अख्खी मालिका इंग्रजी सबटायटल्ससह कुठे आहे का? ग्लोबोप्ले (ग्लोबोची स्ट्रीमिंग सेवा) भारतातून चालतं का? पोर्तुगीजच्या नावाने माझी बोंब आहे. 2018च्या 'देउस साल्वी उ रेइ' मालिकेतली तिची खलनायिका कातारिना कुणी पाहिली असेल तर तेही सांगा, आधी काय बघू?